सात रकान्यांची वही : अमेरिकी बास्केटबॉलच्या प्रक्षेपणाचा इतिहास मुंबईत बसून कसा लिहावा

अमेरिकेत बास्केटबॉल दूरचित्रवाणीवर कसे आले, ते दाखवण्याचे हक्क कोणी कितीला घेतले आणि त्या व्यवहारामुळे खुद्द खेळ कसकसा बदलत गेला, हा विषय मुंबईतल्या एखाद्या विद्यार्थ्याने, प्रशिक्षकाने किंवा माझ्यासारख्या हौशी माणसाने हाती घेण्याजोगा आहे. नागपाड्याचे नेबरहुड हाउस १९२० च्या दशकात क्लिफर्ड मॅनशार्ट या अमेरिकन मराठी मिशनच्या माणसाने उभे केले, आणि त्याच नागपाड्याने पुढे अब्बास मुंतसिर यांच्यासारखा अर्जुन पुरस्काराचा मानकरी दिला. तेव्हा खेळ आपल्याकडे रुजला तो मैदानावर. मॅजिक जॉन्सन आणि मायकेल जॉर्डन मात्र आपल्याला भेटले ते पडद्यावरच. त्यामुळे अमेरिकी बास्केटबॉल म्हणून आपल्याला जे ठाऊक असते, ते बहुतांशी कोणीतरी निवडून, कापून आणि आपल्या सोयीच्या वेळी दाखवलेले असते. हा इतिहास लिहिताना ‘कोण जिंकले’ यापेक्षा ‘ते कोणाला, किती वाजता दिसले’ हा प्रश्न आधी विचारावा, एवढे एकच पथ्य मी पाळतो, आणि पुढची सगळी पद्धत त्यावरच उभी आहे.

सुरुवातीला एक दोनशे पानी रजिस्टर घ्यावे, आडवे धरावे आणि दोन पानांवर मिळून सात रकाने आखावेत : तारीख, सामना, वाहिनी, थेट की मुद्रित, घड्याळ, रक्कम आणि पुरावा. संगणकावरच्या तक्त्यात हे सहज होते हे खरे. पण पहिल्या पन्नास नोंदी हाताने लिहाव्यात असे मी आग्रहाने सांगेन, कारण तक्त्यातला रिकामा चौकोन डोळ्यांना टोचत नाही, वहीतला मात्र दर वेळी पान उलटताना खुपतो, आणि या विषयात रिकामे चौकोन भरपूर राहतात. पुरावा या रकान्यात आपण ती माहिती कोठे वाचली किंवा पाहिली हे लिहायचे. मूळ वृत्तपत्रातला कार्यक्रम-तक्ता, सामन्याचे पूर्ण मुद्रण, नंतर कोणी सांगितलेली आठवण आणि केवळ ऐकीव गोष्ट अशा चार पायऱ्या कराव्यात व त्यांना क, ख, ग, घ अशी अक्षरे द्यावीत. ‘घ’ असलेली नोंद पेन्सिलने लिहावी. ‘क’ किंवा ‘ख’ झाली की मग शाई.

तारीख आणि घड्याळ

मुंबईतून लिहिणाऱ्याची सर्वांत जास्त फसगत तारखेत होते. न्यूयॉर्कचे घड्याळ हिवाळ्यात आपल्यापेक्षा साडेदहा तास मागे असते आणि उन्हाळ्यात साडेनऊ तास. अमेरिकी वाहिन्या पूर्व किनाऱ्याची वेळ छापतात, म्हणून वहीत तीच पायाभूत धरावी, सामना डेन्व्हरला झालेला असो वा लॉस एंजेलिसला. म्हणजे तिकडे रात्री आठ वाजता सुरू होणारा सामना जानेवारीत आपल्याकडे सकाळी साडेसहाला दिसणार, आणि जूनमध्ये साडेपाचला. घड्याळ पुढे-मागे करण्याचा अमेरिकी नियमही कायम तोच राहिलेला नाही. २००७ पासून ते मार्चच्या दुसऱ्या रविवारी पुढे करतात. १९८७ पासून तोपर्यंत एप्रिलच्या पहिल्या रविवारी करत असत, आणि १९७९ साली तर एप्रिलच्या शेवटच्या रविवारी. महाविद्यालयीन स्पर्धेची निर्णायक फेरी मार्च-एप्रिलच्या या सांध्यावरच येत असल्याने १९७९ च्या मार्चअखेरच्या सामन्याला साडेनऊ तासांचा फरक लावला, तर नोंद एका तासाने चुकते.

तारीख कशी घसरते हे एनबीए या अमेरिकी व्यावसायिक लीगच्या १९९८ च्या अंतिम मालिकेतल्या सहाव्या सामन्यावरून नीट कळते. जॉर्डनने ४५ गुण केले आणि शिकागोने युटाला ८७–८६ असे हरवले, तो दिवस अमेरिकेत रविवार, १४ जून. त्यांची ती संध्याकाळ म्हणजे आपल्या घड्याळात सोमवार, १५ जूनची पहाट. १५ तारखेचे मराठी वृत्तपत्र तोवर छापून, गाडीत चढून दादर स्थानकाबाहेर गठ्ठे सुटून बसलेले होते. त्यामुळे त्या सामन्याची बातमी ज्याला इथल्या जुन्या अंकांत शोधायची असेल त्याने १६ जूनचा अंक काढावा. मी स्वतः पहिल्यांदा १४ आणि १५ चे अंक चाळून, बातमी आलीच नव्हती असा निष्कर्ष काढून मोकळा झालो होतो.

यापेक्षाही बोलके उदाहरण म्युनिक ऑलिंपिकचे. १९७२ चा अमेरिका विरुद्ध सोव्हिएत संघ हा पुरुषांचा अंतिम सामना, ज्यात शेवटचे तीन सेकंद पुन्हा पुन्हा खेळवले गेले आणि अमेरिका ५०–५१ अशी हरली, तो काही पुस्तकांत ९ सप्टेंबरचा दिलेला असतो आणि काहींत १० सप्टेंबरचा. दोन्ही बरोबर आहेत. सामना म्युनिकमध्ये रात्री पावणेबाराला सुरू झाला आणि मध्यरात्र उलटून गेल्यावर संपला. इतक्या आडवेळी तो ठेवण्याचे कारण हवामान नव्हे की मैदान रिकामे नव्हते असेही नव्हे. अमेरिकेतल्या प्रेक्षकाला तो संध्याकाळी दिसावा म्हणून. न्यूयॉर्कमध्ये तेव्हा पावणेसात वाजले होते आणि मुंबईत पहाटेचे सव्वाचार. मुंबईतल्या कोणालाही तो दिसण्याचा प्रश्नच नव्हता, कारण वरळीचे दूरदर्शन केंद्र सुरू झाले ते २ ऑक्टोबर १९७२ रोजी, म्हणजे त्यानंतर तीन आठवड्यांनी. घड्याळाच्या रकान्यात या एका सामन्यासाठी तीन शहरांच्या तीन वेळा शेजारी शेजारी लिहून पाहाव्यात; खेळाडूंना कोणत्या वेळी घाम गाळायचा हे कोण ठरवत होते ते निराळे समजावून सांगावे लागत नाही.

पहिल्या नोंदी

वहीतली पहिली नोंद २८ फेब्रुवारी १९४० ची करावी. न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये त्या दिवशी महाविद्यालयीन संघांचे दोन सामने झाले, पिट्सबर्ग विरुद्ध फोर्डहॅम आणि न्यूयॉर्क विद्यापीठ विरुद्ध जॉर्जटाउन, आणि ते एनबीसी या प्रक्षेपण कंपनीच्या डब्ल्यू-टू-एक्स-बी-एस या प्रायोगिक केंद्रावरून दाखवले गेले. व्यावसायिक संघांची आजची संघटना, एनबीए, तेव्हा अस्तित्वातही नव्हती. तिची मुळे १९४६ मधली. रक्कम या रकान्यात इथे आडवी रेघ मारावी. पुढच्या नोंदी वाचताना ती रेघ उपयोगी पडते.

व्यावसायिक बास्केटबॉल राष्ट्रीय पातळीवर पहिल्यांदा दिसले ते १९५३-५४ च्या हंगामात, आणि तेही ड्युमाँट नावाच्या, पुढे दोनतीन वर्षांत बंद पडलेल्या वाहिनीवर. तेरा सामन्यांसाठी तिने ३९,००० डॉलर मोजले. पुढच्या हंगामापासून एनबीसी आली, आणि त्याच हंगामात, १९५४-५५ मध्ये, चोवीस सेकंदांचे घड्याळ, म्हणजे तेवढ्या वेळात बास्केटकडे चेंडू टाकण्याची सक्ती, आले. या दोन गोष्टी एकाच पानावर लिहाव्यात. पण एकीमुळे दुसरी झाली असे मात्र थेट लिहू नये. त्या घड्याळामागचे खरे दुखणे मैदानावरचे होते. आघाडीवर असलेला संघ चेंडू नुसता आपसात फिरवत ठेवी आणि प्रेक्षक जांभया देत. नोव्हेंबर १९५० मध्ये फोर्ट वेन आणि मिनिॲपोलिस यांच्यातला पूर्ण सामना १९–१८ असा संपला होता. सिरॅक्यूज संघाचे मालक डॅनी बायासोन यांनी हिशेब साधा केला : रंगलेल्या सामन्यात दोन्ही संघ मिळून सुमारे १२० वेळा बास्केटकडे चेंडू टाकतात, अठ्ठेचाळीस मिनिटांचे सेकंद होतात २,८८०, भागाकार चोवीस. एका संघाची सरासरी धावसंख्या ७९ च्या आसपास होती ती पहिल्याच हंगामात ९३ वर गेली. (गुणांना धावसंख्या म्हणणे ही क्रिकेटने लावलेली सवय, माझ्या वहीत ती जागोजागी खोडलेली आहे.) पडद्यावर पाहण्याजोगा खेळ आधी तयार झाला आणि मग पडद्याने त्याची किंमत वाढवली, असा माझा कौल आहे; वाचकाने स्वतःच्या नोंदींवरून तो तपासावा.

जे दिसलेच नाही त्याची नोंद

विल्ट चेंबरलेनने एकाच सामन्यात १०० गुण केले, २ मार्च १९६२ रोजी, पेनसिल्व्हेनियातल्या हर्शी या चॉकलेटसाठी प्रसिद्ध असलेल्या गावी, ४,१२४ प्रेक्षकांसमोर. त्याच्या फिलाडेल्फियाने न्यूयॉर्कला १६९–१४७ असे हरवले. हा सामना दूरचित्रवाणीवर दाखवला गेला नाही आणि त्याचे चलच्चित्रण आजवर सापडलेले नाही. उरले आहे ते चौथ्या क्वार्टरचे आकाशवाणी समालोचन आणि शंभर आकडा लिहिलेला कागद हातात धरलेल्या चेंबरलेनचे छायाचित्र. अशा सामन्यांना वहीत जागा द्यावी का, असा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. द्यावी, आणि वाहिनीच्या रकान्यात ‘नाही’ असे स्पष्ट लिहावे. कोरा ठेवलेला रकाना म्हणजे शोध लागलेला नाही आणि ‘नाही’ म्हणजे शोध घेऊन झाला, हा भेद पाळला नाही, तर वर्षभराने आपलीच वही आपल्याला फसवते.

याच कारणाने जुन्या सामन्यांच्या चित्रफितींबाबत सावध राहावे. त्या काळी थेट प्रक्षेपण साठवायचे तर पडद्यासमोर फिल्म कॅमेरा लावून त्याचे चित्रण करत. पुढे चुंबकीय फीत आली, पण ती महाग असल्याने त्याच फितीवर दुसरा कार्यक्रम मुद्रित केला जाई. ड्युमाँटचा तर बहुतेक साठाच नष्ट झाला. आज भ्रमणध्वनीवर जी तुकड्यातुकड्यांची फीत फिरते, तिच्यावरचे समालोचन पुष्कळदा नंतर चढवलेले असते, किंवा ते आकाशवाणीचे असते. कसे ओळखावे? समालोचक जर ‘चेंडू डावीकडे गेला, आता उजव्या कोपऱ्यात’ असे सगळेच सांगत असेल, तर तो आकाशवाणीचा. दूरचित्रवाणीचा समालोचक जे डोळ्यांना दिसते ते पुन्हा सांगत नाही. हॉकीचे समालोचन रेडिओवर ऐकलेल्या आपल्या आधीच्या पिढीला बसवून अशी एखादी फीत ऐकवावी. ते दोन वाक्यांत ओळखतात.

एक नोंद पूर्ण भरून पाहू

पद्धत पक्की बसावी म्हणून १६ मे १९८० ही एक तारीख सावकाश भरावी. सामना : अंतिम मालिकेतला सहावा, लॉस एंजेलिस लेकर्स विरुद्ध फिलाडेल्फिया, ठिकाण फिलाडेल्फिया. लेकर्सचा मुख्य सेंटर (बास्केटजवळ खेळणारा उंच खेळाडू) करीम अब्दुल-जब्बार घोटा दुखावल्याने घरीच राहिला होता, आणि त्याच्या जागी वीस वर्षांचा, पहिलाच हंगाम खेळणारा मॅजिक जॉन्सन उभा राहिला. त्याने ४२ गुण केले, १५ रिबाउंड (हुकलेला चेंडू पकडणे) घेतले, ७ असिस्ट (गुण मिळवून देणारे पास) दिले, आणि १२३–१०७ असा विजय मिळवून लेकर्सने विजेतेपद जिंकले. वाहिनी : सीबीएस. इथपर्यंत कोणत्याही पुस्तकात मिळते.

आता चौथा रकाना. देशाच्या बहुतेक भागांत हा सामना थेट दाखवलाच गेला नाही. संबंधित शहरांसारखे मोजके अपवाद सोडले, तर सीबीएसने तो मुद्रित करून रात्री साडेअकराला लावला. म्हणजे अमेरिकेतला सामान्य माणूस जेव्हा मॅजिकचे पराक्रम पाहू लागला तेव्हा निकाल लागून गेला होता, आणि जो दुसऱ्या दिवशी कामावर जाणारा होता तो आधीच झोपला होता. आपल्याकडे तेव्हा १७ मेच्या सकाळचे नऊ वाजलेले. घड्याळाच्या रकान्यात दोन ओळी कराव्या लागतात : सामना सुरू झाल्याची आणि दाखवायला सुरुवात झाल्याची. या दोन ओळींमधले अंतर म्हणजे त्या वेळी व्यावसायिक बास्केटबॉलची अमेरिकेत काय पत होती त्याचे माप होय.

असे का झाले, याचे उत्तर दिनदर्शिकेत आहे. १६ मे हा शुक्रवार होता. शुक्रवारची रात्र ही सीबीएसच्या लोकप्रिय मालिकांची, आणि मे महिना हा अमेरिकेत प्रेक्षकसंख्येच्या विशेष मोजणीचा. त्या मोजणीवर स्थानिक केंद्रांचे जाहिरातींचे दर ठरत असत. मालिकांचे जुने भाग पुन्हा दाखवले तरी ते अंतिम सामन्यापेक्षा जास्त लोक पाहतील, असा वाहिनीचा हिशेब होता, आणि त्या वर्षी तो अगदीच चुकीचा म्हणता येणार नाही. पुढच्या वर्षीच्या अंतिम मालिकेतही काही सामने असेच उशिरा दाखवले गेले. मग हंगामाचे वेळापत्रकच पुढे सरकवण्यात आले, मे महिन्याच्या मोजणीतून अंतिम मालिका बाहेर पडून जूनमध्ये गेली, आणि १९८२ पासून ती थेट दिसू लागली. १९८२ ची मालिका २७ मे ते ८ जून अशी झाली हे तारखांच्या रकान्यात दिसतेच. या एका नोंदीला माझी वही पावणेदोन पाने देते. १९८४ पासून एनबीएच्या आयुक्तपदी आलेल्या डेव्हिड स्टर्न यांच्या कर्तृत्वाबद्दल खूप लिहिले जाते आणि ते रास्त आहे, तरी वेळापत्रक दोनतीन आठवडे पुढे ढकलण्याच्या या रुक्ष निर्णयाला इतिहासात मिळते त्यापेक्षा मोठी जागा मिळायला हवी होती.

रकमा मांडताना

रकमेच्या रकान्यात मराठी लेखक एका ठराविक जागी अडखळतो : मिलियन आणि बिलियन यांचे लाख-कोटी करताना एक शून्य सांडते. दहा लाख म्हणजे एक मिलियन आणि शंभर कोटी म्हणजे एक बिलियन, हे वहीच्या आतल्या मुखपृष्ठावर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवावे. दुसरे असे, की करारांची मुदत वेगवेगळी असल्याने एकूण रकमा शेजारी ठेवून काहीच कळत नाही. प्रत्येक वेळी वर्षांनी भागावे.

तसे केले की पुढील चित्र उभे राहते. १९५३-५४ चे ३९ हजार डॉलर वर आलेच आहेत. १९७३ मध्ये सीबीएसने एबीसीकडून हक्क आपल्याकडे ओढले ते तीन वर्षांच्या २ कोटी ७० लाख डॉलरला, म्हणजे वर्षाला ९० लाख. १९८९ मध्ये एनबीसीने चार वर्षांसाठी ६० कोटींचा करार केला. वर्षाला १५ कोटी. २००२ पासूनच्या सहा वर्षांसाठी एबीसी-इएसपीएन आणि टर्नर या वाहिनी-समूहांनी मिळून सुमारे ४६० कोटी दिले, म्हणजे वर्षाला ७७ कोटींच्या आसपास. २०१४ मध्ये ठरलेला नऊ वर्षांचा करार २,४०० कोटींचा, वर्षाला सुमारे २६७ कोटी. आणि २०२५-२६ च्या हंगामापासून डिस्ने, एनबीसी आणि ॲमेझॉन यांच्याशी झालेला अकरा वर्षांचा करार सुमारे ७,६०० कोटी डॉलरचा, वर्षाला जवळजवळ ६९० कोटी. या सगळ्या रकमा डॉलरमध्येच ठेवाव्यात. प्रत्येक वर्षी रुपयाचा दर वेगळा असल्याने त्यांचे रुपये केले, की आपण बास्केटबॉलचा नव्हे तर रुपयाचा इतिहास लिहू लागतो. महागाईचा हिशेब हवाच असेल तर वेगळ्या कागदावर करावा.

प्रेक्षक मोजण्याचे दोन गज

रेटिंग आणि शेअर हे दोन शब्द एकमेकांच्या जागी वापरणे ही अगदी रुळलेली चूक आहे. दूरचित्रवाणी संच असलेल्या सगळ्या घरांपैकी किती टक्के घरांत तो सामना लागला होता हे रेटिंग सांगते; त्या वेळी जे संच चालू होते त्यांपैकी किती टक्क्यांवर तो होता हे शेअर सांगतो. आपल्या इमारतीवरून समजावून घ्यावे : शंभर घरे, साठांत टीव्ही चालू, चोविसांत सामना, तर रेटिंग २४ आणि शेअर ४०.

हे कळले की दोन प्रसिद्ध सामने खुशाल शेजारी ठेवता येतात. २६ मार्च १९७९ रोजी महाविद्यालयीन स्पर्धेच्या अंतिम सामन्यात मॅजिक जॉन्सनच्या मिशिगन स्टेटने लॅरी बर्डच्या इंडियाना स्टेटला ७५–६४ असे हरवले, एनबीसीवर, रेटिंग २४.१. वर आलेला १९९८ चा जॉर्डनचा सामना, तोही एनबीसीवर, रेटिंग २२.३, प्रेक्षक मात्र सुमारे ३ कोटी ५९ लाख. घरांच्या टक्केवारीने पहिला वरचढ, माणसांच्या मोजणीने दुसरा, कारण मधल्या एकोणीस वर्षांत घरेच वाढली. ‘सर्वाधिक पाहिला गेलेला सामना’ असे बिनधास्त लिहिणाऱ्याला कोणता गज वापरला ते विचारावे. गंमत म्हणजे हे दोन्ही सामने सॉल्ट लेक सिटी या एकाच शहरात झाले.

महाविद्यालयीन बास्केटबॉलकडे आपल्याकडचे लोक फारसे वळत नाहीत, आणि त्यामुळे अर्धा इतिहास हातचा जातो. २० जानेवारी १९६८ रोजी ह्यूस्टनच्या ॲस्ट्रोडोम या बंदिस्त बेसबॉल मैदानाच्या मधोमध लाकडी कोर्ट टाकून ह्यूस्टन आणि यूसीएलए (लॉस एंजेलिसचे कॅलिफोर्निया विद्यापीठ) या विद्यापीठांचा सामना खेळवला गेला. ५२,६९३ प्रेक्षक आले, कोर्टापासून इतके दूर, की आपल्या ब्रेबॉर्नवर खेळपट्टीच्या जागी कॅरम ठेवल्यासारखे. एल्विन हेजने ३९ गुण केले, ह्यूस्टन ७१–६९ असे जिंकले आणि यूसीएलएची ४७ विजयांची मालिका तुटली. मोठ्या वाहिन्यांपैकी कोणीही हा सामना घेतला नव्हता. एडी आइनहॉर्न यांच्या टीव्हीएस या छोट्या कंपनीने देशभरातल्या शंभराहून अधिक स्थानिक केंद्रांना जोडून तो नियमित हंगामातला सामना असूनही राष्ट्रभर दाखवला. वर्षभरातच, १९६९ मध्ये, अंतिम सामना एनबीसीने घेतला. १९७९ मध्ये इएसपीएन सुरू झाली तेव्हा तिला दिवसभर दाखवायला काहीतरी हवे होते, आणि महाविद्यालयांच्या सुरुवातीच्या फेऱ्या कोणालाच नको होत्या. तिथून पुढचा केबलचा अध्याय आपोआप लिहिता येतो.

महिलांच्या सामन्यांसाठी वेगळी वही करू नये, त्याच वहीत त्याच क्रमाने नोंदी घ्याव्यात. तसे केले की जानेवारी १९७५ मधला इमॅक्युलाटा विरुद्ध मेरीलँड हा राष्ट्रीय पातळीवर दाखवलेला सामना, १९९७ मध्ये सुरू झालेली व्यावसायिक लीग आणि एप्रिल २०२४ चा साउथ कॅरोलायना विरुद्ध आयोवा हा अंतिम सामना यांच्या मध्ये पुरुषांच्या किती नोंदी पडतात ते नजरेत भरते. आणि मग २०२४ च्या पानावर महिलांचा अंतिम सामना सुमारे १ कोटी ८९ लाख लोकांनी, तर पुरुषांचा सुमारे १ कोटी ४८ लाख लोकांनी पाहिला, या दोन ओळी एकाखाली एक येतात.

मुंबईत कोठे शोधावे

फोर्टमधल्या एशियाटिक सोसायटीत जुनी वृत्तपत्रे पाहता येतात. जाण्याआधी हव्या असलेल्या अमेरिकी तारखांची यादी वर सांगितल्याप्रमाणे दोन दिवस पुढे सरकवून न्यावी. जुनी अमेरिकी नियतकालिके फ्लोरा फाउंटनच्या पदपथावर आणि रद्दीच्या दुकानांत अजूनही सापडतात, आणि क्रीडापानांपेक्षा त्यांतल्या जाहिराती नीट वाचाव्यात : १९६० च्या दशकात दाढीची पाती आणि बिअर, १९९० मध्ये बूट. अमेरिकी वृत्तपत्रांचे जुने अंक आता संगणकावर पाहायला मिळतात. तिथे बातमी शोधण्याऐवजी त्या दिवसाचा दूरचित्रवाणी कार्यक्रम-तक्ता उघडावा. त्यात रात्री साडेअकराच्या चौकोनात ‘बास्केटबॉल’ हा शब्द स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला, की पुरावा ‘क’.

घरातली माणसे हाही एक स्रोत आहे, पण तपासून घेण्याचा. १९९० च्या दशकात आमच्या माटुंग्याच्या इमारतीत केबलवाला कोणतीही वाहिनी कोणत्याही क्रमांकावर टाकी आणि एखादी आठवडाभर गायबही करी. त्यामुळे ‘अमुक सामना मी अमुक वाहिनीवर पाहिला’ हे माझे स्वतःचे सांगणे मी वहीत ‘ग’ म्हणूनच ठेवले आहे. पहाटे आवाज बंद करून पाहिलेल्या सामन्यांचे समालोचन माझ्या स्मरणात स्पष्ट आहे, यावरून त्या स्मरणाची किंमत ओळखावी.

वहीची शेवटची काही पाने उलट्या बाजूने सुरू करून मुंबईसाठी राखावीत. २०११ मध्ये एनबीएने इथे कार्यालय उघडले. २०१२ मध्ये सुरू झालेल्या सोनी सिक्सने सामने दाखवले. २०२१ मध्ये हक्क व्हायकॉम१८ कडे गेले. त्यांच्यामध्ये ४ आणि ५ ऑक्टोबर २०१९ च्या नोंदी येतात : वरळीच्या एनएससीआय डोममध्ये इंडियाना पेसर्स आणि सॅक्रामेंटो किंग्ज यांचे हंगामपूर्व दोन सामने झाले. किंग्जचे मालक विवेक रणदिवे मुंबईत वाढलेले. पहिला सामना जादा वेळेत १३२–१३१ आणि दुसरा १३०–१०६ असा, दोन्ही पेसर्सनी जिंकले; पहिल्या दिवशी प्रेक्षकांत शाळेतली मुले हजारोंनी होती. ऑक्टोबरमध्ये अमेरिकेचे घड्याळ अजून उन्हाळ्याचेच असते, म्हणून पाचव्या रकान्यात साडेनऊ तासांचा फरक लावावा. वरळीची ती संध्याकाळ होती, आणि या वेळी पडद्यासमोर सकाळी डोळे चोळत बसण्याची पाळी न्यूयॉर्ककरांवर आली होती.